चारशे सत्त्याण्णव दिवस

पंखा थांबला तेव्हा सूर्यकांत बोदडे शर्टाचं तिसरं बटण लावत होता, आणि पंख्याबरोबर त्याचा हातही थांबला. आता जे. पी. नगरात सकाळी करंट जाणं ही काही पेपरात छापायची बातमी नव्हे. आठवड्यातून चारदा जातो, कधी पाच मिनिटांत येतो, कधी दुपारपर्यंत पत्ता नसतो, माणसं खिडकीशी खुर्ची ओढून घेतात आणि आपलं काम करत राहतात. सूर्यकांतचं तसं नव्हतं. घरातला पंखा थांबला की त्याला दिसायची कोरमंगलाच्या पलीकडची संस्थेची इमारत, तळमजल्यावरची ती कोंदट खोली आणि खोलीतलं मळकट पिवळं खोकं, ज्याचा पंखा थांबून चालणार नव्हतं. त्यातही आज. आज तर मुळीच नाही. ते खोकं ठेवायचं की काढायचं हे ठरवायला साडेअकराला समिती येणार होती. अर्धी बटणं उघडीच ठेवून तो फोनपाशी गेला आणि संस्थेचा नंबर फिरवला. घंटी नुसती वाजत राहिली. "अहो, आठ वाजून दहा मिनिटं झालीत," सुनंदा आतून म्हणाली, "ऑफिस नऊला उघडतं. आणि करंट आपला गेलाय, सगळ्या बंगळूरचा नाही." "गुंडोअण्णा आठला येतात," तो म्हणाला आणि पुन्हा नंबर फिरवला. पुन्हा घंटी. कुठे उलथलाय हा माणूस? संस्थेचा हा शिपाई एरवी पहिल्या घंटीला फोन उचलतो आणि आज, नेमका आज! सुनंदानं पोह्यांची बशी त्याच्यासमोर आणून ठेवली आणि म्हणाली, "फोन करण्यात जेवढा वेळ घालवताय तेवढ्यात पोचला असतात." ते खरं होतं. खरं होतं म्हणूनच त्याला तिचा राग आला.

मशीन म्हणजे काय होतं हे घरात सुनंदालाही नीट ठाऊक नव्हतं आणि संस्थेत तर कुणालाच नव्हतं. चारशे माणसांची पत्रं, म्हणजे ते ई-मेल म्हणतात ते, त्या एका खोक्यातून जात-येत होती. कुणी जर्मनीला लिहायचं, कुणी कानपूरला, कुणी शेजारच्या खोलीतल्या माणसाशी बोलायचं नसल्यामुळे त्यालाच लिहायचं, आणि सगळ्यांना वाटायचं की पत्रं आपोआप जातात. आपोआप! या शब्दाची सूर्यकांतला चीड होती. खोक्यात लिनक्स होतं. जगभरच्या हौशी माणसांनी मिळून लिहिलेली, कुणाच्या मालकीची नसलेली सिस्टीम. त्यानं ती फ्लॉप्यांवर उतरवून घेतली होती, एकेक फ्लॉपी घालत, एकविसावी खराब निघाली म्हणून पुन्हा पहिल्यापासून. सोमवार, तीन फेब्रुवारी सत्त्याण्णव, सकाळी सहा पन्नासला, ऑफिसात झाडूवालीसुद्धा आलेली नसताना, त्यानं मशीन चालू केलं होतं आणि ते आजवर थांबलं नव्हतं. 'अपटाइम' असं टाइप केलं की ते स्वतःच सांगायचं, मी सलग इतके दिवस चालू आहे. रविवार सोडून रोज सकाळी ठीक नऊला सूर्यकांत तो आकडा विचारायचा आणि लाल पुठ्ठ्याच्या एका रजिस्टरमध्ये लिहायचा. त्याच्याखेरीज त्या रजिस्टरला कुणी हात लावला नव्हता. परवा शनिवारी चारशे पंच्याण्णव. म्हणजे आज चारशे सत्त्याण्णव. हा आकडा त्यानं समितीसाठी राखून ठेवला होता, कारण नवे विभागप्रमुख नंदकिशोर सबनीस मुंबईहून आले त्या दिवसापासून मशीनकडे पाहून एकच शब्द म्हणत होते: फुकट. "बोदडे, फुकटची सिस्टीम आहे ही. बंद पडली तर आपण कुणाला फोन करायचा?" त्यांना विकतची सिस्टीम हवी होती, खिडक्या-खिडक्यांची, रंगीत. ती आली की खोकं अडगळीत आणि बोदडे इलेक्ट्रॉनिक सिटीतल्या नव्या इमारतीच्या भांडार विभागात, खुर्च्यांना नंबर चिकटवायला. हे कुणी लेखी दिलं नव्हतं, पण संस्थेत अशा गोष्टी लेखी यायच्या आधी चहाच्या टेबलावर येतात.

नऊ वाजून वीस मिनिटांनी फोन उचलला गेला. लाइनीत नुसती खरखर, जणू कुणी तव्यावर मोहरी टाकलीय. "गुंडोअण्णा! काय आहे तिकडे? करंट?" खरखरीतून गुंडोअण्णांचा धापा टाकणारा आवाज आला, "करंट बं… सर… आत्ताच…" आणि फोन कटला. करंट बंद. सूर्यकांतच्या तोंडचं पाणी पळालं. करंट बंद, आत्ताच. खोलीतला तो जुना यूपीएस, करंट गेल्यावर बॅटरीवर मशीन धरून ठेवणारा, वीस मिनिटांच्या वर दम धरत नाही. पायात चपला की बूट हेही न बघता तो खाली उतरला, रिक्षा धरली, आणि मग लक्षात आलं की बूटच आहेत, पण मोजे नाहीत. "बेगा, बेगा," लवकर, लवकर, असं तो रिक्षावाल्याला म्हणत राहिला. तीन वर्षांत कन्नड म्हणून जे चार शब्द तोंडी बसले होते त्यातला तो एक. रिक्षावाला म्हणाला, "स्वल्प ट्रॅफिक, सार," आणि एका लग्नाच्या मांडवामागे शांतपणे उभा राहिला. कुणाचं तरी लग्न असतं, कुणाचा तरी दिवस चांगला असतो.

ते मांडवाच्या मागे अडकून पडणं, आणि वेळ जाताना नुसतं बघत बसणं, यात त्याला वडील आठवले. ते आठवायला मोठं निमित्त कधी लागत नसे. वडील गावच्या पाणीपुरवठ्याच्या पंपावर होते. नदीकाठी दगडी खोली, खोलीत हिरव्या रंगाचा पंप आणि भिंतीला टांगलेलं रजिस्टर, त्यात रोज पहाटेची एकच नोंद: पंप चालू. खाली सही. पानंच्या पानं पंप चालू, पंप चालू. गावात नळाला पाणी आलं की बायका हंडे भरायच्या आणि वडिलांचं नाव कुणी काढत नसे. पाणी आलं नाही की माणसं घराच्या ओट्यावर येऊन शिव्या द्यायची, आई आत भाकरी थापत ते ऐकत राहायची. लहानपणी सूर्यकांतला वाटायचं, आपण असं काम करायचं नाही, ज्यात चांगलं केलेलं दिसत नाही. शिकला, इंजिनियर झाला, बंगळूरला आला, आणि काय केलं? पंपच सांभाळला. नदीऐवजी तारेतून पाणी सोडतो एवढंच. "सार, इळीरी," रिक्षावाला म्हणाला. संस्थेचं फाटक आलं होतं आणि तो उतरायचं विसरून बसला होता.

मशीन चालू होतं. खोलीत शिरायच्या आधीच, दारातूनच, त्याला पंख्याची ती बारीक घरघर ऐकू आली आणि जीव भांड्यात पडला. छताला दिवा जळत होता, यूपीएसवरचा हिरवा ठिपका लागलेला होता. त्यानं खोक्यावर हात ठेवला. कोमट होतं, रोजच्यासारखं. म्हणजे करंट गेला, पण थोडाच वेळ गेला असणार, यूपीएसनं निभावलं. सव्वादहा झाले होते. नऊची नोंद राहिली होती, चारशे सत्त्याण्णव दिवसांत पहिल्यांदा. त्यानं रजिस्टर उघडलं, पेन काढलं, कळफलकाकडे हात नेला आणि थांबवला. नको. सगळ्यांसमोरच विचारू. सबनीसांच्या डोळ्यांसमोर पडद्यावर आकडा उमटेल, आणि मग ते काय म्हणतात बघू. खरं सांगायचं तर यात थोडी भीतीही होती, पण ती त्यानं स्वतःला सांगितली नाही. गुंडोअण्णांना शोधायला तो व्हरांड्यात गेला. ते समितीसाठी कॉफी सांगायला कँटीनमध्ये गेले होते. बरं आहे, तो स्वतःशी म्हणाला, आणि मोजे नसलेले पाय टेबलाखाली लपवून बसून राहिला.

समिती म्हणजे सबनीस, आणि वरच्या मजल्यावरून आलेले दोन वयस्कर शास्त्रज्ञ, ज्यांची पत्रं गेली दीड वर्षं याच खोक्यातून जात होती आणि ज्यांनी हे खोकं आज पहिल्यांदा पाहिलं. एकानं विचारलं, "हे छोटंसं?" सूर्यकांतनं घसा खाकरला. रात्री आरशासमोर म्हणून पाहिलेली वाक्यं होती, ती म्हटली. "सर, ही सिस्टीम फुकट आहे हे खरं. पण सर्व्हरची परीक्षा किमतीवर नसते, तो किती दिवस न थांबता चालतो यावर असते. मी सांगत नाही, मशीनलाच विचारू." आणि त्यानं ती सहा अक्षरं टाइप केली, एका बोटानं, जरा नाटकीपणे. पडद्यावर ओळ आली. सकाळचे अकरा बत्तीस. चालू: दोन तास चौदा मिनिटं. त्यानं ओळ पुन्हा वाचली. दिवसांच्या जागी काहीच नव्हतं. पुन्हा टाइप केलं. दोन तास चौदा मिनिटं. मागे कुणाची तरी खुर्ची कुरकुरली. "बोदडे," सबनीस अगदी मऊ आवाजात म्हणाले, "टू अवर्स?" "नाही सर, थांबा, काहीतरी… मशीन पुन्हा चालू झालं की आत नोंद होते, ती दाखवतो." त्यानं मशीनमधली नोंदवही पडद्यावर उघडली. एक जूनपासूनच्या नोंदी होत्या. त्याआधीच्या जागा पुरत नाही म्हणून त्यानंच पुसल्या होत्या. एक जूनपासून मशीन पुन्हा चालू झाल्याची एकही नोंद नाही. "बघा सर! नोंदच नाही!" "म्हणजे," सबनीस म्हणाले, "मशीन बंद पडलं, परत सुरू झालं, आणि तुमच्या सिस्टीमला त्याचा पत्ताच नाही? हे तर आणखी वाईट झालं, नाही का?" दोन्ही शास्त्रज्ञ मान हलवू लागले. सूर्यकांतला ओरडावंसं वाटलं. भिंतीवर डोकं आपटावं, नाहीतर यांचं आपटावं. लाल रजिस्टर त्यानं पुढे केलं, तारखेवार, चारशे पंच्याण्णवपर्यंत, आणि सबनीसांनी ते न उघडताच म्हटलं, "हे तुमचंच हस्ताक्षर आहे ना?"

त्याच वेळी दारात गुंडोअण्णा उभे होते, कॉफीचा ट्रे घेऊन. पन्नाशी उलटलेले, खाकी शर्ट, कपाळाला कुंकवाची बारीक रेघ. यांच्या घराण्यातले शिंपी पाच पिढ्यांपूर्वी बंगळूरला आलेले. घरात मराठी, पण निम्मी कन्नडात भिजलेली. एकोणीस वर्षं संस्थेत रोजंदारीवर, आणि आता कुठे कायम करायची फाइल वर सरकलेली, हे सगळ्या संस्थेला ठाऊक होतं, कारण ते देवाच्या प्रसादाचं सांगावं तसं भेटेल त्याला सांगत. त्यांना पाहिलं मात्र आणि सूर्यकांतच्या डोक्यात सकाळची ती खरखर पुन्हा वाजली. करंट बंद. आत्ताच. नऊ वीसला. अकरा बत्तीसमधून दोन तास चौदा मिनिटं वजा केली की नऊ अठरा येतात. सरळ हिशेब. "गुंडो," तो म्हणाला, आणि त्याला स्वतःलाच आपला आवाज परका वाटला, "सकाळी तू काय म्हणालास मला फोनवर? करंट बंद, म्हणालास ना?" "बंद नाही की सर," गुंडोअण्णा गोंधळून म्हणाले, "बंतु म्हटलं मी. करंट बंतु." "बंद, बंतु, काय ते एकच! काय हात लावलास तू मशीनला? बटण दाबलंस ना?" "देवाशपथ नाही सर. मी तर—" "बोदडे, मुद्दा क्लिअर आहे," सबनीस म्हणाले, आणि या वेळी त्यांच्या आवाजात चक्क दिलासा होता. "ह्यूमन एरर. तुमच्या मशीनवर मी उगाच ठपका ठेवणार नाही. निर्णय सहा महिने पुढे ढकलू. पण सर्व्हर रूममध्ये कुणीही येऊन बटणं दाबतो, हे चालायचं नाही. लेखी द्या." आणि सूर्यकांतनं लेखी दिलं. चार ओळी. सदर कर्मचाऱ्यानं विनापरवाना. सही केली. ट्रेवरच्या कॉफीवर साय धरली होती. गुंडोअण्णांनी ट्रे टेबलावर ठेवला, चारही कप सरळ लावले आणि निघून गेले.

मशीन वाचलं होतं. सहा महिने. खुर्चीही वाचली होती. आनंद व्हायला हरकत नव्हती, आणि दुपारी डबा उघडून बसल्यावर सूर्यकांतनं तो करून पाहिला, पण घास दाताखाली खडा आल्यासारखा फिरत राहिला. नऊ अठरा. एक गोष्ट बसत नव्हती. बटण दाबून मशीन बंद झालं असतं तर सुरू होताना नोंद झालीच असती. नोंद नाही. आणि जे जुने प्रोग्रॅम तो आठवडाभर चालवत होता ते अजून चालू होते, मघाशी त्यानं डोळ्यांनी पाहिलं होतं. मशीन थांबतं तर ते मेले असते. म्हणजे आकडा खोटा. पण आकडा खोटा कसा असेल? सुनंदानं दिलेल्या पोळीचा तुकडा हातात तसाच राहिला. बंतु म्हणजे काय? समोरच्या टेबलावर लेखा विभागातली एक कन्नड बाई दहीभात खात होती. त्यानं तिला विचारलं. ती हसली. "बंतु मीन्स केम, सार. करंट बंतु, पॉवर हॅज कम. थ्री इयर्स यू आर हिअर, अँड यू डोंट नो?" आला. करंट आला. धापा टाकत, आनंदानं, आत्ताच आला सर, असं सांगत होता तो माणूस. कान जे ऐकायला टपलेले असतात तेच ऐकतात.

आणि मग, जणू एक खिळा निघाल्याबरोबर दुसराही सैल झाला, त्याला पंपाचं मीटर आठवलं. हिरव्या पंपाच्या बाजूला काचेखाली चार आकडे असायचे, पंप किती तास चालला ते मोजणारे. सूर्यकांत अकरा वर्षांचा असताना नगरपालिकेचे साहेब अचानक तपासणीला आले आणि मीटरवर आकडा होता बारा. शून्य शून्य एक दोन. इतकी वर्षं पंप चालतोय आणि मीटर बारा तास? साहेबांनी तिथल्या तिथं ठरवलं, यानं मीटर बदललाय. तीन आठवडे वडील घरी बसले. एका संध्याकाळी जेवताना ते कुणाला उद्देशून नव्हे असं म्हणाले होते, "नऊ हजार नऊशे नव्याण्णवच्या पुढं त्याला आकडाच नाही. आकडे संपले रे, पंप नाही संपला." आणि सूर्यकांतनं, शाळेत दिवसभर टिंगल ऐकून आलेल्या सूर्यकांतनं, विचारलं होतं, "बाबा, खरंच तुम्ही नाही ना केलं?" वडील ताटावरून उठले, हात धुतला. अर्धी भाकरी ताटात तशीच. ती अर्धी भाकरी गेली तीस वर्षं कुठे दडून बसली होती कोण जाणे. डब्याच्या झाकणावर त्यानं पेनानं आकडे मांडायला सुरुवात केली. मशीन सेकंदाला शंभर टिकटिक मोजतं. मोजायला त्याच्याकडे बत्तीस खणांची जागा, एका खणात शून्य नाहीतर एक, त्यात मावणारा सगळ्यात मोठा आकडा चारशे एकोणतीस कोटींच्या घरातला. तो भरला की पुन्हा शून्य. शंभरनं भागलं. दिवसाच्या सेकंदांनी भागलं. चारशे सत्त्याण्णव दिवस, दोन तास, अठ्ठावीस मिनिटांना थोडं कमी. तीन फेब्रुवारीच्या सहा पन्नासमध्ये ते मिळवले. आज, सोमवार, पंधरा जून, सकाळी नऊ अठरा. त्यानं तीनदा केलं. तीनदा तेच आलं. मशीन एक क्षणही थांबलं नव्हतं, त्याचे आकडे संपले होते. आणि आज रोजच्यासारखा तो नऊला टेबलापाशी असता तर चारशे सत्त्याण्णव हा आकडा त्यानं डोळ्यांनी पाहिला असता. अठरा मिनिटं! घरी बसून फोन फिरवत होता गाढव!

आता काय करायचं ते उघड होतं, आणि उघड होतं म्हणूनच तो तासभर उठला नाही. सबनीसांना हे सांगितलं की गुंडोअण्णा सुटले. पण मग मशीन? ज्या मशीनला पाचशे दिवससुद्धा मोजता येत नाहीत ते मशीन. सबनीसांचा चेहरा त्याला आत्ताच दिसत होता. उलट, गप्प बसलं तर काय होतं? एक कागद फाइलीत जातो. रोजंदारीवरच्या माणसाच्या. त्याला कुणी काढून तर टाकणार नाही, फक्त कायम करणार नाहीत. फक्त! तो स्वतःशीच हसला आणि त्याला स्वतःची शिसारी आली. साडेतीनला तो उठला, एका कोऱ्या कागदावर सगळा हिशेब लिहिला, खाली लिहिलं की सकाळचा माझा आरोप चुकीचा होता, कन्नड शब्द मी चुकीचा ऐकला, आणि सबनीसांच्या खोलीत गेला. त्यांनी कागद दोनदा वाचला. "म्हणजे तुम्ही लेखी देताय की तुमच्या सिस्टीममध्ये डिफेक्ट आहे." "मोजणीत आहे सर. चालण्यात नाही." "बोदडे, कमिटीला चालणं दिसत नाही हो, मोजणी दिसते. सकाळचा कागद राहू द्या, मी तुमच्या भल्याचं सांगतोय. शिपायाचं काय, मी बघतो पुढेमागे." सबनीस वाईट माणूस नव्हते. तोच तर डोक्याला ताप होता, वाईट असते तर बरं झालं असतं. "सकाळचा कागद परत द्या सर," सूर्यकांत म्हणाला. सबनीसांनी खांदे उडवले, खणातून कागद काढून त्याच्यापुढे सरकवला, आणि नव्यावर शेरा मारला: शुक्रवारी जुना सर्व्हर बंद करावा. किती सोपं असतं ते. अर्धी ओळ.

गुंडोअण्णा इमारतीमागच्या पत्र्याच्या शेडमध्ये होते. सूर्यकांत तिथं कधी गेला नव्हता. तिथं डिझेलचा जनरेटर आहे, आणि तो आपोआप सुरू होतो, असं तो धरून चालला होता. आपोआप. शेडमध्ये तेलाचा वास, आणि जनरेटरला एक लांब लोखंडी हँडल, हाताच्या घामानं मधोमध गुळगुळीत झालेलं. सकाळचा कागद फाडून त्यानं तुकडे खिशात घातले, काय घडलं ते सांगितलं, नीट सांगता आलं नाही, तरी सांगितलं. गुंडोअण्णा चिंध्यांनी हात पुसत ऐकत होते. "म्हणून तुम्ही फोन उचलत नव्हता सकाळी," सूर्यकांत शेवटी म्हणाला, "इथं होता." "आठला करंट गेला सर. इलेक्ट्रिकचा माणूस दहाला येतो, तुमचा तो डबा वीस मिन्टात टीं टीं करतो. मी नाही फिरवलं तर कोण फिरवणार? सव्वानवाला करंट बंतु, मग हे बंद केलं, धावत आलो तर फोन वाजतोय." "असं नेहमी करता?" "गेला की करतो." "किती वेळा झालं असेल? या दीड वर्षात?" गुंडोअण्णांनी त्याच्याकडे असं पाहिलं, जणू प्रश्नच चमत्कारिक होता. "ते कोण मोजतं सर?" सूर्यकांतला हँडलकडे बघवेना. त्यानं काखेतलं लाल रजिस्टर काढलं, पान उघडलं आणि पुढे केलं. "अण्णा, आजची नोंद राहिलीय. खाली तुम्ही सही करा." गुंडोअण्णांनी रजिस्टर घेतलं नाही. "सही नको सर. सकाळी एका सहीनं काय झालं बघितलं की." मग हँडल खुंटीला अडकवताना, पाठमोरेच म्हणाले, "कागदाचं एक असू दे. एकोणीस वर्षांत मला या संस्थेत कुणी 'तू' म्हटलं नव्हतं. साहेबसुद्धा नाही. तुम्ही मला एकदा विचारायचं होतं सर." सूर्यकांत रजिस्टर तसंच पुढे धरून उभा राहिला, मोज्यांशिवाय, बुटात पाय चिकटलेले. "सरी, ठीक आहे," गुंडोअण्णा म्हणाले, "मी कँटीनला जातो. शुक्रवारी बंद करणार ना मशीन? तोवर करंट गेला तर मी आहे."

पाच वाजता खोलीत परत येऊन त्यानं अपटाइम विचारलं नाही. मशीन घरघरत होतं. वरच्या मजल्यावरचं कुणीतरी कुणाला तरी पत्र पाठवत होतं आणि ते जात होतं. त्यानं रजिस्टर उघडून तारीख घातली, पंधरा जून. आकड्याचा रकाना कोरा सोडला. पुढच्या रकान्यात लिहिलं, चालू. वडिलांचं 'च' जसं डोकं खाली घातलेलं असायचं तसंच आपलंही येतं, हे त्याला आज पहिल्यांदा दिसलं. मग बराच वेळ पेन तसंच धरून बसल्यावर त्यानं खाली आणखी एक ओळ लिहिली, सावकाश, कन्नड शब्द बरोबर लिहिला जातोय ना हे बघत: सकाळी आठ ते सव्वानऊ जनरेटर हातानं चालवला, गुंडोअण्णा; सव्वानऊला त्यांनी फोनवर कळवलं, करंट बंतु.